कुलसुमबींचा खोकला

भोपाळहून परत आल्यापासून सांगलीत जो भेटतो तो विचारतो, "सांची पाहिलीत का? भीमबेटका?" नाही पाहिलं. "मग पाहिलंत तरी काय?" एक चित्रपट पाहिला, जो मी आमच्याच माजघरात बसून पाठ होईपर्यंत आधी पाहिला होता. हे उत्तर ऐकलं की लोक माझ्याकडे जरा काळजीनं बघतात आणि विषय बदलतात. म्हणून म्हटलं, एकदा सगळं नीट लिहूनच काढावं.

माझी नणंद वसुधा माहितीपट करते. कुठल्या वाहिनीसाठी नाही की कुठल्या कंपनीसाठी नाही, आपलं आपण. धरणाखाली गाव गेलेली माणसं, कचरा वेचणाऱ्या बायका, मिठागरांत पाय फुटलेले मजूर असे तिचे विषय. आमच्या सासूबाई म्हणायच्या, "कुठे लग्न लागतंय ते हिला कळत नाही, कुठे आग लागलीय ते बरोब्बर कळतं." ती माझ्याहून बरीच लहान. एरवी मी तिला नावानं हाक मारते, रागावले की "वन्सं" म्हणते. या प्रवासात तिला बऱ्याचदा वन्सं व्हावं लागलं.

तिचा एक नियम आहे. चित्रपट पुरा झाला की तो सगळ्यांत आधी त्यातल्या माणसांना दाखवायचा, तोही त्यांच्याच वस्तीत जाऊन. बघून झाल्यावर त्यातलं कुणी "मला यातून काढ" म्हणालं तर काढायचं. का म्हणून विचारायचं नाही, मनधरणी करायची नाही. या नियमापायी तिचा एक अख्खा चित्रपट कपाटात पडून आहे. मी जन्मभर शाळेत मराठी शिकवलं. पोरांना विचारून मार्क द्यायचे म्हटलं तर शाळा चालेल का, असं मी तिला एकदा सुनावलंही होतं. ती म्हणाली, "वहिनी, मार्क तुमचे असतात. इथं चेहरा त्यांचा असतो." तिच्याशी वाद घालणं म्हणजे पालथ्या घड्यावर पाणी.

हा चित्रपट भोपाळच्या पाण्याचा. विषारी वायू सुटला त्या रात्रीबद्दल सगळ्यांना माहीत आहे. पण त्या बंद पडलेल्या कारखान्याच्या आवारातलं विष पुढे जमिनीत झिरपत राहिलं, आणि भिंतीला लागून असलेल्या वस्त्या वर्षानुवर्षं तेच पाणी हातपंपानं उपसून पीत राहिल्या, हे पुष्कळांना माहीत नसतं. चित्रपटात ते सांगतात कुलसुमबी नावाच्या एक म्हाताऱ्या बाई. त्या रात्री तान्ह्या मुलाला ओढणीत गुंडाळून त्या धावल्या, वाचल्या, परत आल्या आणि मग त्याच मुलाला पंपाचं पाणी पाजून वाढवलं. बाकीची माणसं पडद्यावर येतात नि जातात, गोष्ट पुढे नेतात त्या कुलसुमबीच.

वसुधा कित्येक वर्षं तिकडे जात-येत होती. आता मुंबईत पहिला खेळ पुढच्याच आठवड्यात ठरला होता. आमच्याकडच्या खेड्यांतल्या बायकांना भोपाळी बोली कळायची नाही, म्हणून पडद्याखालच्या मराठी ओळी मी लिहिल्या होत्या. तेवढ्या हक्कानं ती म्हणाली, "वहिनी, या वेळी तुम्हीही चला." कुलसुमबी नाही म्हणाल्या तर हाही चित्रपट कपाटात जाणार, हे आम्हां दोघींना गाडीत बसतानाच माहीत होतं.

इंद्रपुरी

आम्ही उतरलो माझ्या मावसबहिणीकडे, सुनंदाताईकडे. तिचे यजमान मधुकरराव इंद्रपुरीजवळच्या अवजड यंत्रांच्या कारखान्यात नोकरीला लागले आणि इथेच निवृत्त झाले. ताईचं मराठी अजून पुण्याचं आहे, पण त्याला आता कडेनं हिंदीचा गोट लागला आहे.

"अगं, नुसते पोहे काय खातेस? जलेबी घे ना साथ में," ती म्हणाली.

पोह्यांबरोबर जिलबी ही कल्पनाच माझ्या पचनी पडेना. शिवाय पोहे वाफवलेले, त्यात बडीशेप, वर शेव, कसलासा आंबट-तिखट मसाला आणि कच्चा कांदा. आमच्याकडे पोह्यांत कांदा परतला नाही तर सून माहेरून काही शिकून आली नाही म्हणतात. पण बाहेर थंडी नुकती पडायला लागली होती आणि जिलबी कढईतून थेट घरी आली होती. दोन घास खाल्ल्यावर मी मुकाट्यानं दुसऱ्यांदा बशी पुढे केली. ताईनं "बघ, सांगितलं नव्हतं?" असा चेहरा केला.

भावोजी कमी बोलतात. वसुधा कुठे आणि कशासाठी जाणार ते ऐकल्यावर त्यांनी पेपर घडी करून बाजूला ठेवला.

"इथे जुन्या माणसांत नवी ओळख झाली ना, की पहिला सवाल एकच," ते म्हणाले. "उस रात कहाँ थे? गाव, आडनाव, नोकरी सगळं नंतर."

"मग तुम्ही काय सांगता?" मी विचारलं.

"इंद्रपुरी म्हणतो. वारा इकडे नाही वळला. समोरचा मान हलवतो, चाय पाजतो. पण मला मग तिथे जास्त बसवत नाही."

ताई म्हणाली, "जाऊ द्या हो, सकाळी सकाळी." भावोजींनी पेपर पुन्हा उघडला. पण पान काही उलटलं नाही, हे मी पाहत होते.

वस्ती

दुपारी वसुधा मला घेऊन वस्तीत गेली, उद्याच्या खेळाचं आमंत्रण द्यायला. रिक्षावाल्यानं रेल्वेच्या फाटकापाशीच सोडलं. पुढे ती भिंत सुरू झाली. मी मनात काहीतरी भयंकर धरून चालले होते. भिंत मात्र कुठल्याही बंद गिरणीला असते तशीच होती. वर वेड्या बाभळी डोकावत होत्या, एका ठिकाणी विटा पडून वाट झाली होती आणि तिथून शेळ्या आत चरायला जात होत्या. रस्त्याच्या दुसऱ्या बाजूला घरं. एका कोपऱ्यावर लाल रंग फासलेला हातपंप उभा होता. लाल म्हणजे पिऊ नका. आता वस्तीत नळ आले आहेत, तासभर पाणी येतं. पण त्या दुपारी एक बाई लाल पंपावर भांडी घासतच होती.

कुलसुमबी दारात उन्हाला बसून बटव्यावर मणी टाकत होत्या. पडद्यावर इतके दिवस पाहिलेली बाई समोर दिसली की गंमत होते, आपण तिला ओळखतो आणि ती आपल्याला नाही. मी भारावून वाकले, तर त्यांनी हात धरून मला शेजारी बसवलं.

"आओ बेन, बैठो। थक गए होगे।"

चहा आला, तो नाज़नं आणला. नाज़ म्हणजे त्यांची नात, मुलाची मुलगी, कॉलेजात शिकणारी, चटपटीत. पहिला घोट घेतला आणि मी थबकले. चहात मीठ! पोरीनं घाईत साखरेच्या जोडीला मीठ टाकलं, आता बोलायचं कसं? यजमानाची लाज राखावी म्हणून मी तसाच पीत राहिले. माझ्या तोंडाकडे बघून वसुधा हसायला लागली.

"वहिनी, चूक नाही ती. जुन्या भोपाळात चहा असाच करतात."

"मीठ नई डाला तो चाय कैसी?" कुलसुमबी म्हणाल्या. आमच्या घरी चहात मीठ पडलं असतं तर त्या सुनेची कथा तिसऱ्या पिढीला सांगितली असती. पण खोटं कशाला बोलू, कप संपेस्तोवर मला तो आवडायला लागला होता.

बोलता बोलता कुलसुमबींना खोकला आला. साधा नव्हे, पोटातून येणारा, माणसाला पुढे वाकवणारा. मी धावत उठून पाण्याचा पेला शोधायला लागले. नाज़नं माझा हात धरला.

"रुको आंटी। हो जाएगा।"

मग माझ्या लक्षात आलं की कुणीच हललं नव्हतं. शेजारची बाई आली होती, ती अर्ध्या वाक्यात थांबली होती. वसुधा थांबली होती. आमच्याकडे कुणी खोकलं की चौघं पाठ चोळतात, दोघं औषध सांगतात आणि बाकीचे आपलं बोलणं पुढे रेटतात. इथे सगळे नुसते थांबतात. नजर वळवत नाहीत, घाईही करत नाहीत. खोकला सरला, कुलसुमबींनी श्वास ओढून घेतला आणि सोडलेल्या शब्दापासून पुढे सुरू केलं. शेजारणीनंही आपलं वाक्य पुरं केलं. थोड्या वेळानं शेजारीण खोकली, तेव्हा कुलसुमबी थांबल्या.

चित्रपटात या अशा खोकत नाहीत, असं माझ्या मनात आलं. पण थंडीचे दिवस, खोकला वाढला असेल, म्हणून मी ते तिथंच सोडून दिलं.

निघताना त्यांचा मुलगा अस्लम आम्हांला फाटकापर्यंत सोडायला आला. त्या रात्री ओढणीत गुंडाळलेलं पोर ते हेच. आता केस पांढरे व्हायला लागले आहेत, वेल्डिंगचं दुकान आहे. फाटक दिसायला लागलं तसा तो हळू चालायला लागला. मग म्हणाला, "मैडम, नाज़ का रिश्ता आया है। सीहोर से।"

"अरे वा!" वसुधा म्हणाली.

"वो लोग पूछते हैं घर में किस-किस को क्या बीमारी है। गैस वाला घर सुनके दो रिश्ते लौट चुके। अब अम्मी परदे पे आएँगी, खाँसती हुई, गंदे पानी की बात करती हुई..." त्यानं वाक्य पुरं केलं नाही. "अम्मी का हिस्सा निकाल दो आप।"

"अम्मी ख़ुद कहेंगी तो निकाल दूँगी, अस्लमभाई। पूछूँगी भी नहीं क्यों।"

"कहेंगी," तो म्हणाला. "मैंने बात की है।"

मला त्याचा राग यायला हवा होता, पण आला नाही. मुलीच्या लग्नाची काळजी असलेला बाप मी शाळेच्या दारात शेकड्यांनी पाहिला आहे. रिक्षात वसुधा बाहेर बघत बसली होती. मी म्हटलं, "वन्सं, आता तुमचा नियम घाला चुलीत आणि म्हातारीला दोन शब्द समजावून सांगा." तिनं मान हलवली, नाही अशी.

टी. टी. नगर, आणि तलाव

दुसऱ्या दिवशी सकाळी टी. टी. नगरात प्रोजेक्टर भाड्यानं आणायला गेलो. दुकानदाराला वाटलं, घरात लग्न आहे.

"संगीत का प्रोग्राम है, दीदी? साथ में लाइट भी लगवा दूँ, रंग-बिरंगी?"

वसुधानं सांगितलं की पिक्चर दाखवायचं आहे, आणि कुठे ते सांगितलं. त्यानं कपाटातला स्पीकर परत आत ठेवला आणि दुसरा काढला. "ये ले जाओ। उधर खुले में आवाज़ फट जाती है।" मग स्वतःच म्हणाला, "मेरे मामू उधर ही रहते थे।" रहते थे. वसुधानं पैसे मोजून दिले.

सामान ताईकडे टाकून आम्ही मोठ्या तलावावर गेलो, वेळ जाईना म्हणून. भोपाळ इतकं देखणं शहर असेल हे मला कुणी सांगितलं नव्हतं. पाणी पार दिसेनासं होईपर्यंत पसरलेलं, पलीकडे टेकड्या, जुन्या शहराच्या बाजूला मिनार, आणि थंडीतलं ऊन. पाहुणे पक्षी उतरले होते. काठावर एक कुटुंब मक्याची कणसं खात फोटो काढून घेत होतं. एवढं पाणी ज्या गावाच्या मध्यावर आहे, त्याच गावात कुणाला लाल पंपावर भांडी घासावी लागतात, हा विचार आला आणि मला ते ऊनही नकोसं झालं.

वसुधानं भुट्टा हातात धरून ठेवला होता, खाल्ला नव्हता.

"त्या नाही म्हणाल्या तर काय उरतं?" मी विचारलं.

"भिंत, पंप आणि शेळ्या."

"मग मुंबईचं?"

"कळवायचं, येत नाही म्हणून."

वर्षं घातली या बाईनं. रेल्वेच्या फलाटांवर झोपली, तापात काम केलं, वडिलांच्या आजारपणात एकदा परत यायला उशीर झाला म्हणून भावाचे बोल ऐकले. आणि एका "नाही"वर सगळं सोडून द्यायला तयार. मला तिचा राग आला आणि तिच्याबद्दल अभिमानही वाटला, दोन्ही एकदमच. मी तिच्या हातातला भुट्टा घेतला नि अर्धा खाऊन टाकला. त्या दिवशी ती पहिल्यांदा हसली.

चादर

दिवेलागणीला वस्तीतल्या मोकळ्या जागेत चादर बांधली. कुणाच्या तरी रुखवतातली असावी, कडेला गुलाब भरलेले होते. वसुधा जिथे जिथे चित्रपट दाखवते तिथे पडदा नेहमी त्या गावातल्याच एखाद्या घरचा असतो. बायका पुढे सतरंजीवर, पुरुष मागे भिंतीला टेकून. अस्लम कडेला उभा होता, बसला नाही. कुलसुमबी अगदी पुढे, नाज़च्या खांद्याला रेलून.

चित्रपट सुरू झाला. लोक पडद्याशी बोलत होते. "अरे, ये तो अपनी शम्मो!" "देखो, बकरी भी हीरोइन बन गई!" हशा पिकला. मग कुलसुमबी पडद्यावर आल्या, त्या रात्रीचं सांगायला लागल्या, आणि सगळं शांत झालं.

शांत म्हणजे बोलणं थांबलं. खोकला थांबला नव्हता. पुढून कुणी खोके, मागून कुणी खोके, मध्येच कुणी घसा साफ करी, कुणाचा श्वास शिट्टीसारखा वाजे. अंधारात बसलेल्या मला ते ऐकू येत राहिलं. त्या अख्ख्या जागेत न खोकणारं माणूस फक्त एकच होतं, ते म्हणजे पडद्यावरच्या कुलसुमबी. त्या सुरेख, सलग, न थांबता बोलत होत्या. तेव्हा मला आदल्या दिवशीचा त्यांचा खोकला आठवला.

चित्रपट संपला. वसुधा चादरीपुढे उभी राहिली आणि आपलं नेहमीचं बोलली. ज्याला नको असेल त्यानं सांगावं, आत्ता किंवा उद्या सकाळी. एका म्हाताऱ्यानं आपला सदरा फाटका दिसतो अशी तक्रार केली. त्याच्या बायकोनं "फटा है तो फटा ही दिखेगा" म्हणून त्याला गप्प केलं. मग सगळ्यांच्या माना कुलसुमबींकडे वळल्या. अस्लम दोन पावलं पुढे आला. वसुधाचे हात स्पीकरच्या वायरशी उगाच चाळा करत होते.

"मेरा वाला फिर से दिखा," कुलसुमबी म्हणाल्या.

वसुधानं तो भाग पुन्हा लावला. त्यांनी डोळे मिटून ऐकला.

"इतना लंबा मैं एक साँस में कब बोली?"

वसुधा त्यांच्यासमोर खाली बसली. "अम्मी, बीच-बीच में खाँसी थी, वो निकाल दी है। मुंबई में आवाज़ का काम करने वाले हैं, वो करते हैं ये। लोग खाँसी सुनकर घबरा जाते हैं, बात पे ध्यान नहीं रहता। हमने सोचा, आपकी बात साफ़ पहुँचे।"

मला नंतर कळलं, त्यांच्या कामात ही रोजचीच गोष्ट. पंख्याची घरघर काढतात, गाडीचा भोंगा काढतात, तसाच खोकलाही काढतात. वसुधानं चांगल्या मनानंच होकार दिला होता. मला तो चित्रपट साफसूफ झाल्यावरच मिळाला, म्हणून मला त्याचा पत्ता नव्हता.

"बात तो मेरी है," कुलसुमबी म्हणाल्या. "ये साँस किसकी है?"

मग त्या नुकसानभरपाईच्या तपासणीचं सांगायला लागल्या.

"मुआवज़े के वक़्त डाक्टर के सामने बिठाया था। दो मिनट। मैं डर के मारे खाँसी रोक के बैठी थी, कि अफ़सर बुरा न मान जाए। उसने लिख दिया, कुछ नहीं हुआ इसे। उन्होंने काग़ज़ पे ठीक कर दिया मुझे।" त्यांनी वसुधाच्या गालाला हात लावला. रागानं नव्हे, आई लावते तसा. "तूने परदे पे कर दिया, बेटा।"

वसुधाला मी सासू गेल्या तेव्हाही रडताना पाहिलं नव्हतं. ती तिथे, त्या गुलाबाच्या चादरीपुढे, सगळ्यांदेखत रडली. माझेही डोळे भरून आले.

तेवढ्यात अस्लम पुढे झाला. आणि जे बोलला ते ऐकून मी थक्क झाले. "अम्मी, ये तो अच्छा ही है! इसमें आप एकदम तंदुरुस्त लग रही हो। ऐसा ही रहने दो। मैडम, रख लो, मत निकालो कुछ।"

काल जो "काढा" म्हणत होता तो आज "ठेवा" म्हणत होता, आणि त्याची काळजी कालचीच होती.

"जैसी हूँ वैसी रख," कुलसुमबी वसुधाला म्हणाल्या. "नई तो निकाल दे मुझे।"

"और नाज़?" अस्लमचा आवाज चढला. "सीहोर वाले?"

नाज़नं आजीला टेकू देतच मान वर केली. "अब्बू, सीहोर वाले घर आएँगे तो दादी खाँसेंगी नहीं? निकाह के दिन छुट्टी ले लेंगी क्या?"

बायका हसल्या, मग पुरुषही. अस्लम हसला नाही. तो भिंतीकडे तोंड करून उभा राहिला. एक-दोघं त्याच्याजवळ जाऊन उभे राहिले. त्या हसण्यानंच कुलसुमबींना खोकला सुटला आणि बराच वेळ थांबेना. सगळी वस्ती थांबली. या वेळी मीही पाणी आणायला उठले नाही.

परतताना रिक्षात मी सुचवलं, "असं कर, मुंबईत आहे तसा दाखव. मग सावकाश बदल. तिथे कुणाला कळणार आहे?" वसुधा म्हणाली, "वहिनी, मग परत जाऊन हे तुम्ही त्यांना सांगा." सकाळी पोहे खाण्याआधी तिनं मुंबईला कळवून टाकलं. श्वास परत घालायचे तर प्रत्येक प्रसंगाची लांबी बदलते, सगळी बांधणी पुन्हा करावी लागते. आठवड्यात ते होण्यासारखं नव्हतं. तिकडून बोलणाऱ्या माणसाचा आवाज मला खोलीच्या या टोकाला ऐकू येत होता. पुन्हा केव्हा संधी मिळेल ते सांगता येणार नाही, असं तो म्हणत होता. वसुधा "हो, समजतं मला" एवढंच म्हणत राहिली.

निघताना भावोजींनी स्टेशनवर आमचं सामान उचलून दिलं. गाडी हलायच्या आधी वसुधाला म्हणाले, "परत येशील तेव्हा मला घेऊन चल तिकडे. मी कधी गेलोच नाही." ताई त्यांच्याकडे बघतच राहिली.

सांगली

आता आमच्या माजघरात पुन्हा तेच काम चालू आहे. वसुधानं मूळ आवाज शोधून काढले आणि खोकले एकेक करून जागच्या जागी बसवले. मला पडद्याखालच्या ओळी सगळ्या नव्यानं बेताव्या लागल्या. आधी कुलसुमबींचं एक वाक्य दोन ओळींत सरळ मावत होतं. आता ते तीनदा तुटतं. पहिल्या दिवशी मी मास्तरणीच्या सवयीनं त्या मोकळ्या जागांत कंसात "खोकतात" असं लिहिलं. दुसऱ्या दिवशी पुसून टाकलं. तेवढा वेळ पडद्याखाली काहीच नाही. बघणाऱ्यानंही थांबावं.

सीहोरची मंडळी येऊन गेली. कुलसुमबी त्यांच्यासमोर खोकल्या, नाज़नं चहा दिला, मीठ घातलेलाच. अजून त्यांच्याकडून काही निरोप नाही. अस्लम वसुधाशी फोनवर बोलत नाही. नाज़ बोलते.

तिनंच परवा संध्याकाळी फोन लावून दिला. वसुधानं आपला फोन टेबलावर ठेवला आणि कुलसुमबींना ऐकवायला तो भाग लावला. त्या रात्रीचं सांगणं सुरू झालं. ओढणी, मूल, धावणारी माणसं. वाक्याच्या मध्यावर खोकला आला. चित्रपटातला संपला असं वाटलं तरी खोकला ऐकू येतच होता. तो इथला की फोनमधून येणारा, मला कळेना. वसुधानं चित्रपट थांबवला, तरीही तो चालूच राहिला. आम्ही दोघी टेबलावर हात ठेवून बसून राहिलो. बाहेर दूधवाला हाका मारून गेला, आम्ही उठलो नाही.

मग पलीकडे श्वास ओढल्याचा आवाज आला.

"हाँ," कुलसुमबी म्हणाल्या. "ये मैं हूँ। आगे चला।"